औदवाल्याबरोबर पहिल्यांदा बसताना

सॅक्सोफोन घेऊन औद हे अरबी तंतुवाद्य वाजवणाऱ्यासमोर बसणार असशील, तर सुरुवातीला कॉर्ड्स विसर. रास्त मकामातला (मकाम म्हणजे अरबी संगीतातलं रागासारखं काहीतरी) तिसरा स्वर धड कोमल गंधार नाही, धड शुद्धही नाही, दोहोंच्या मधला. त्यातही कैरोचा आणि सीरियातल्या हलबचा (अलेप्पोचा) सारखा लागत नाही. तुला तो ओठांनी साधेल, पियानोवाल्याला नाही. त्याला आधीच सांग, तिथे बोट ठेवू नकोस. समाई या अरबी तालाच्या १० मात्रा ३-२-२-३ अशा टाळीवर मोजून घे. ट्युनिशियाच्या औदवादक अन्वर ब्राहेमचा १९९८ चा ‘थिमार’ हा अल्बम ऐक. सोबत सॅक्सोफोनवर जॉन सरमन, डबल बासवर डेव्ह हॉलंड, ड्रम्स नाहीतच. सरमन कुठे गप्प बसतो तेवढंच टिपून ठेव. आणि तकसीम, म्हणजे एकट्याचं उत्स्फूर्त वादन, चालू असताना मध्ये घुसू नकोस. मी घुसलो होतो. समोरच्याने औद खाली ठेवून शांतपणे चहा मागवला.