‘सामन्यामागे जेमतेम चौदा’ : सरासरी, गुण आणि अमेरिकन फुटबॉल

अमेरिकेत शार्लटला राहणाऱ्या एका वाचकाचा प्रश्न आहे. तिथल्या मराठी मंडळींसाठी त्यांना कॅरोलायना पँथर्स या अमेरिकन फुटबॉल संघाच्या २०२३ च्या हंगामावर लिहायचं आहे. त्यांनी केलेलं वाक्य असं : ‘संघर्ष करणारे पँथर्स प्रति गेम १३.९ पॉइंट्स सरासरी करत आहेत.’ वाक्य मराठी वाटत नाही हे त्यांना कळतंय, पण नेमकं कुठे अडतंय ते सापडत नाही. ‘सरासरी’ हा शब्द इथे चालेल का, आणि पॉइंट्सना ‘गुण’ म्हणावं की आणखी काही, असं ते विचारतात.

मी ते वाक्य असं लिहीन : ‘२०२३ च्या हंगामात पँथर्सला सामन्यामागे जेमतेम चौदा गुण मिळाले.’ नेमका आकडा हवा असेल तर ‘सामन्यामागे सरासरी १३.९ गुण’. आता एकेक शब्द पाहू.

‘संघर्ष करणारा संघ’ आजकाल क्रीडापानांवर सर्रास दिसतो, तरी मला तो खटकतो. मराठीत संघर्ष कुणाच्या तरी विरुद्ध, हक्कासाठी होतो. धरणग्रस्तांची संघर्ष समिती असते, संघर्ष यात्रा निघते. त्या शब्दात ताठ कणा आहे, थोडा गौरवही आहे. ज्या संघाचा चेंडूच पुढे सरकत नाही, त्याच्यासाठी आपल्याकडे चाचपडणारा, अडखळणारा, ढेपाळलेला अशी नेमकी विशेषणं आहेत. ‘झगडणारा’ चालेल, पण मग कशाशी ते सांगावं लागतं. ‘झुंजणारा’ मात्र टाळावं, कारण झुंज दिली म्हणजे आपण पाठ थोपटतो. पुष्कळदा तर विशेषणाची गरजच नसते. ‘जेमतेम’ हे एक क्रियाविशेषण घातलं की संघाची सगळी दशा कळते. म्हणून माझ्या वाक्यात पँथर्सना विशेषण नाही.

‘सरासरी’वर जरा जास्त थांबतो, कारण प्रश्नाचा गाभा तिथे आहे. शब्द फारसीतून आला. ‘सरासर’ म्हणजे या टोकापासून त्या टोकापर्यंत, आणि त्यावरून सगळं मिळून, एकंदरीत. हिंदीने या कामासाठी अरबी ‘औसत’ घेतला. मराठीत सरासरी इतकी मुरली की शाळेच्या गणितापासून हवामानाच्या बातमीपर्यंत दुसरा शब्द सुचत नाही. तो वापरायला हरकत नाहीच. पण मराठी कानाला ‘सरासरी’ म्हटलं की आधीपासून काही गोष्टी ऐकू येतात, आणि त्या अमेरिकन फुटबॉलच्या नाहीत.

पहिली पावसाची. ‘यंदा सरासरीच्या ९६ टक्के पाऊस’ या वाक्यातली सरासरी म्हणजे यंदाच्या पावसाचा हिशेब नव्हे. ती अनेक वर्षांच्या नोंदींवरून ठरवलेली मोजपट्टी आहे. देशाच्या नैऋत्य मोसमी पावसासाठी ती सध्या ८७ सेंटिमीटर धरतात. म्हणून ‘संघ सरासरीच्या खाली आहे’ असं लिहिलं तर मराठी वाचक ठरलेल्या मापाशी तुलना समजतो. खेळात ते माप म्हणजे त्या वर्षीची सगळ्या संघांची मिळून सरासरी. एनएफएल या अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगमध्ये अलीकडच्या हंगामांत ती बाविसाच्या आसपास असते. पँथर्स सरासरीच्या बरेच खाली होते, हे वाक्य बरोबर आहे. पण त्यातली सरासरी लीगची आहे, पँथर्सची नाही. एकाच परिच्छेदात दोन्ही येणार असतील तर एकीला ‘लीगची सरासरी’ असं नाव द्यावंच लागेल.

दुसरी क्रिकेटची, आणि ती जास्त खोल रुजली आहे. फलंदाजाची सरासरी सामन्यांनी भागून येत नाही, डावांनीही नाही. भागायचं ते बाद होण्याच्या संख्येने. डॉन ब्रॅडमन यांच्या ५२ कसोटी सामन्यांत ८० डाव, १० वेळा नाबाद, ६९९६ धावा. भागाकार ७० ने, म्हणून ९९.९४. डावामागे काढलं तर ८७ च्या थोडं वर येतं, सामन्यामागे काढलं तर १३४ च्या वर. एकच माणूस, त्याच धावा, आणि तीन आकडे. ब्रॅडमन यांची सरासरी नुसती ‘९९.९४’ म्हणून चालते, कारण क्रिकेटच्या वाचकाला भाजक ठाऊक असतो. अमेरिकन फुटबॉलच्या मराठी वाचकाला तो ठाऊक नाही. ‘पँथर्सची सरासरी १३.९’ एवढ्यावर सोडलं तर तो विचारणार, कशाची आणि कशामागे? या खेळात पास झेलण्यामागे किती यार्ड, धावण्यामागे किती यार्ड, अशाही सरासऱ्या असतात. म्हणून मराठीत लिहिताना भाजक वाक्यातच बोलून दाखवावा असं मी आग्रहाने सांगेन.

तो बोलून दाखवायला मराठीत सुंदर सोय आहे, ती म्हणजे ‘मागे’. पोत्यामागे हमाली, लिटरमागे कमिशन, माणसामागे खर्च. तसंच सामन्यामागे गुण. ‘प्रति सामना’ चुकीचं नाही, सरकारी कागदावर शोभेल. ‘दर सामन्याला’ बोलण्यात छान बसतं. ‘माणशी’, ‘एकरी’, ‘शेकडा’ ही आणखी जुनी घडण, पण ‘सामनी’ असं कुणी म्हणत नाही, तेव्हा तो मोह नको. ‘सामन्यागणिक’ मात्र इथे टाळा. घरागणिक दिवा लागला म्हणजे प्रत्येक घरी लागला, आणि दिवसागणिक वाढतं म्हणजे रोज थोडं थोडं वाढतं. सामन्यागणिक चौदा गुण म्हटलं तर प्रत्येक सामन्यात चौदाच्या चौदा, असा अर्थ होईल.

तसं कधीच होत नाही, हे पँथर्सच्या त्या हंगामाइतकं स्वच्छ क्वचितच दिसेल. १७ सामने, २३६ गुण, २ विजय, १५ पराभव. लीगच्या नव्या खेळाडूंच्या निवडीत पहिल्या क्रमांकाने घेतलेला ब्राइस यंग हा नवा क्वार्टरबॅक, म्हणजे पास फेकून चढाई चालवणारा खेळाडू, आणि प्रशिक्षक फ्रँक राइक यांना ११ सामन्यांनंतर घरी पाठवलं. आता गुण बघा. अटलांटा फाल्कन्सविरुद्ध पँथर्सने फक्त ९ गुण मिळवले, तेही तीन फील्ड गोलचे (चेंडू लाथेने खांबांमधून मारला की फील्ड गोल), आणि सामना ९-७ असा जिंकला. पुढच्याच सामन्यात ग्रीन बे पॅकर्सविरुद्ध ३० गुण मिळवले आणि ३३-३० असे हरले. मग जॅक्सनविल आणि टँपा बे या शेवटच्या दोन सामन्यांत भोपळाच फुटला नाही, २६-० आणि ९-०. या चार सामन्यांतला एकही आकडा चौदाच्या जवळ नाही. म्हणून ‘प्रत्येक सामन्यात सरासरी १३.९ गुण’ ही रचना, जी बातम्यांत बरीच दिसते, मला मान्य नाही. ‘प्रत्येक सामन्यात’ आणि ‘सरासरी’ एकमेकांना खोडतात.

शिवाय १३.९ गुण कुठल्याच सामन्यात मिळू शकत नाहीत. चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या पट्ट्यात नेला की टचडाउन, त्याचे ६, त्यानंतरच्या किकचा १ किंवा पुन्हा चेंडू आत नेला तर २, फील्ड गोलचे ३, आणि प्रतिस्पर्ध्याला त्याच्याच पट्ट्यात चेंडूसह अडवलं की सेफ्टी, तिचे २. गुण असे गठ्ठ्याने येतात. क्रिकेटमध्ये पन्नास ते साठ हा प्रवास एकेका धावेने होऊ शकतो, इथे तो होत नाही. क्वार्टरबॅकचा एक पास चुकला तर सातच्या जागी तीन मिळतात किंवा काहीच मिळत नाही. चाचपडणाऱ्या संघाची सरासरी इतकी खाली येते, ती बहुधा शेवटच्या वीस यार्डांत चेंडू अडल्यामुळे आणि सातांच्या जागी तिनावर समाधान मानल्यामुळे.

आता क्रियापद. ‘सरासरी करणे’ मराठीत नाही. सरासरी काढतात, म्हणजे हिशेब करणारा काढतो. सरासरी येते, पडते, बसते. ‘सामन्यामागे चौदा गुण पडतात’ हे अस्सल वाक्य आहे, त्यात ‘सरासरी’ हा शब्द न घालताही सरासरी आहे. ‘सरासरी राखली’ हे प्रशंसेचं आहे. फलंदाजाने दहा वर्षं पन्नासची सरासरी राखली, हे शोभतं, कारण राखायचं ते मोलाचं असतं. २०१३ च्या डेन्व्हर ब्रॉंकोजनी १६ सामन्यांत ६०६ गुणांचा विक्रम केला, त्यांच्याबद्दल ‘सदतीसच्या वर सरासरी राखली’ असं खुशाल लिहा. पँथर्सबद्दल तेच क्रियापद वापरलं तर टोमणा वाटेल.

‘गुण’ की ‘पॉइंट’? माझा कौल गुणाला. कबड्डीने हा शब्द मैदानावर आणून पक्का केला आहे. चढाईत गुण घेतला, पकडीचा गुण मिळाला, लोण चढवला की जादा दोन गुण. तिथेही गुण एकएक आणि गठ्ठ्यानेही येतात, म्हणून अमेरिकन फुटबॉलला कबड्डीची भाषा क्रिकेटपेक्षा जास्त जवळची पडते. गुण घेतात, मिळवतात, वसूल करतात, पण ‘करत’ नाहीत. एक सावधगिरी हवी. आयपीएलमुळे ‘गुण’ म्हटलं की गुणतालिका आठवते, विजयाचे दोन गुण वगैरे. एनएफएलमध्ये तसे गुण नसतात. क्रम लागतो तो विजय-पराभवांच्या प्रमाणावर. म्हणून लेखात एकदा ‘सामन्यात मिळवलेले गुण’ असं पूर्ण लिहावं, पुढे नुसता ‘गुण’ पुरतो.

‘पॉइंट’ला माझी हरकत शुद्धतेपोटी नाही. वाक्य मोठ्याने वाचून पाहा : ‘तेरा पॉइंट नऊ पॉइंट्स’. दशांशचिन्हालाही आपण पॉइंटच म्हणतो, त्यामुळे जीभ अडखळते आणि कानही. ‘तेरा पॉइंट नऊ गुण’ नीट ऐकू येतं. ‘धावा’ तर मुळीच नको, कारण या खेळात चेंडू घेऊन धावणं ही वेगळी मोजली जाणारी गोष्ट आहे. ‘गोल’ही नको, फील्ड गोलशी गल्लत होईल.

दशांशाचा विषय निघाला म्हणून माझ्या आवडीची एक गोष्ट सांगतो. १९७८ पासून २०२० पर्यंत एनएफएलचा नियमित हंगाम १६ सामन्यांचा होता. संपामुळे आखूड झालेले १९८२ आणि १९८७ चे हंगाम सोडले तर त्या काळातली प्रत्येक सरासरी सोळाने भागून येते, आणि सोळावा भाग म्हणजे आपला आणा. २००८ चे डेट्रॉइट लायन्स सोळाही सामने हरले, मिळवलेले गुण २६८. भागाकार १६.७५, अगदी नेमके पावणेसतरा. १९९२ च्या सिॲटल सीहॉक्सनी १६ सामन्यांत १४० गुण मिळवले, १६ सामन्यांच्या हंगामातला तो नीचांक. भागाकार ८.७५, म्हणजे पावणेनऊ. २०१७ चे क्लीव्हलँड ब्राउन्स, तेही ०-१६, गुण २३४ : चौदा रुपये दहा आणे. ज्या भाषेत पाव, सव्वा, साडे, पाऊण इतके हाताशी आहेत, तिने ‘सोळा पूर्णांक पंचाहत्तर शतांश’ असं का म्हणावं? २०२१ पासून सामने १७ झाले आणि हा मेळ मोडला. २३६ ला १७ ने भागलं की १३.८८ येतात, त्याला ‘चौदाला थोडे कमी’ म्हणणं बरं. ‘पावणेचौदा’ म्हणू नका, ते १३.७५ होतात.

१९७६ चे टँपा बे बकनियर्स ०-१४ होते, १२५ गुण, सामन्यामागे नऊही नाहीत. पाच सामन्यांत भोपळा. पुढच्या वर्षी त्याच संघाने १४ सामन्यांत १०३ गुण मिळवले, म्हणजे सरासरी आणखी घसरून सव्वासातच्या जरा वर आली, पण सामने मात्र दोन जिंकले. गुणांची सरासरी घसरली म्हणून संघ घसरला असं लिहिण्याआधी हा दाखला आठवावा. २०२३ मध्येच न्यू इंग्लंड पेट्रियट्सचेही नेमके २३६ गुण होते. पँथर्सचीच सरासरी, तरी विजय चार, कारण त्यांचा बचाव बरा होता. बिचाऱ्या बचावफळीने लागोपाठ तीन सामन्यांत प्रतिस्पर्ध्यांना १०, १० आणि ६ एवढेच गुण दिले आणि तिन्ही सामने संघ हरला, कारण मिळवले ६, ७ आणि शून्य. प्रशिक्षक बिल बेलिचिक यांचा तिथला तो शेवटचा हंगाम.

वरच्या वाक्यात मी ‘गुण दिले’ म्हटलं, त्याबद्दल वाचकाने विचारलेलं नाही, पण लेखात ते लागणारच. प्रतिस्पर्ध्याला मिळालेल्या गुणांसाठी काही जण ‘गुण गमावले’ लिहितात. गमावणं म्हणजे हातातलं जाणं, आणि या खेळात मिळालेले गुण कुणी काढून घेत नाही. आपल्या नेहमीच्या फुटबॉलच्या बातमीत ‘गोल स्वीकारला’ असं येतं, तेही मला परकं वाटतं, स्वीकारतात ते सत्कार आणि राजीनामे. गोलंदाज धावा देतो, तसा बचाव गुण देतो. २०२३ मध्ये पँथर्सने सामन्यामागे चौदाला थोडे कमी गुण मिळवले आणि साडेचोवीसच्या आसपास दिले. २००८ च्या लायन्सनी पावणेसतरा मिळवले आणि बत्तीसच्या वर दिले.