वाचकांचे प्रश्न : राजीनामा दिला म्हणजे आधीची नोकरी पाण्यात?

प्रश्न : मी २००२ला राज्य शासनाच्या एका खात्यात लागलो, २००९मध्ये परीक्षा देऊन दुसऱ्या खात्यात गेलो, मधे आठ दिवसांचा खंड आहे. आता ऑफिस म्हणतंय तुमची नेमणूक १ नोव्हेंबर २००५ नंतरची, त्या तारखेपासून लागलेल्यांना नवी योजना, जुनी पेन्शन विसरा. खरंय का हे?

उत्तर : सरसकट खरं नाही हो. महाराष्ट्र शासनाच्या १९८२च्या पेन्शन नियमांत नियम ४६ बघा, राजीनामा दिला की आधीची सेवा जाते हे बरोबर, पण परवानगी घेऊन दुसरी सरकारी नोकरी धरायला दिला असेल तर जात नाही. मधले दिवस पदग्रहण अवधीत (नव्या जागी रुजू व्हायला मिळणाऱ्या मुदतीत) बसत असले तर रजा टाकून किंवा खंड क्षमापित करून, म्हणजे शासनाकडून माफ करवून, जोडता येतात. म्हणून सगळं अडतं ते कागदावर: अर्ज खात्यामार्फत गेला होता का, राजीनाम्यात कारण लिहिलंय का, सर्व्हिस बुकात नोंद आहे का. नुसतं ‘घरगुती कारण’ लिहून मोकळे झाला असाल तर मग अवघड आहे, खोटी आशा दाखवत नाही.

आणि खातं बदलताना पगारनिश्चिती, म्हणजे नव्या पदावरचा मूळ पगार ठरवणं, चुकली असेल तर मागचा सगळा फरक मिळेल असं धरून चालू नका, सुप्रीम कोर्टाने २००८च्या तरसेम सिंग प्रकरणात थकबाकी याचिकेआधीच्या तीनच वर्षांपुरती ठेवली, तेव्हा उशीर करू नका, लेखी अर्ज द्या आणि पोच घ्याच.