वेडाला कारण दे

प्रिय मित्रा,

तुझी संहिता वाचली. मनोरुग्णालयातून पळालेला माणूस आणि त्याच्यामागे धावणारे लोक, यावर मूक विनोदी लघुपट करायचा तुझा बेत मला मनापासून आवडला. पण शूटिंगला हात घालण्याआधी हीच गोष्ट पूर्वी कशी सांगितली गेली, ते बघ.

सुरुवात 'द एस्केप्ड लूनॅटिक'पासून कर. अमेरिकेतल्या बायोग्राफ कंपनीचा, १९०४चा. स्वतःला नेपोलियन समजणारा माणूस कोठडीतून निसटतो. कॅमेरा जागचा हलत नाही. लांबून तो पळत येतो, जवळून निघून जातो. मग पहारेकरी धडपडत येतात, तेही जातात, आणि मगच दृश्य बदलतं. पाठलागाचं हे व्याकरण नीट शिकून घे, तुला लागणार आहे. शेवटी पहारेकऱ्यांचा पुरता दम निघतो आणि हा गडी आपणहून कोठडीत परतून निवांत वर्तमानपत्र वाचत बसलेला सापडतो. फजिती होते ती पहारेकऱ्यांची! एडिसन कंपनीने त्याच वर्षी 'मॅनिअॅक चेस' नावाने हीच गोष्ट पुन्हा काढली.

पण त्या माणसाला झालंय तरी काय, हे कुठेच कळत नाही. वेड म्हणजे नेपोलियनचा वेश आणि सुसाट पळणं, बस. 'डॉक्टर डिप्पीज सॅनिटेरियम'मध्ये (१९०६) तर नव्या नोकराला छळणारे रुग्ण खाऊ मिळताच गप्प बसतात. ते बघताना मला फार वाईट वाटतं.

१९०३ साली लंडनमध्ये १४ वर्षांचा चार्ली चॅप्लिन आपल्या आईला दवाखान्यात घेऊन गेला. तिथून तिला केन हिलच्या मनोरुग्णालयात पाठवलं. ज्याने हे घरात सोसलं, त्याचा 'मॉडर्न टाइम्स' (१९३६) बघ. कारखान्यात सरकत्या पट्ट्यावरच्या वस्तूंचे नट-बोल्ट आवळून आवळून कामगार झालेल्या चॅप्लिनचे हात थांबायचं विसरतात. समोरच्याचं नाक, बाईच्या कपड्यांची बटणं, दिसेल ते आवळायला धावतात. आपण पोट धरून हसतो. पण पट्ट्याचा वेग वाढवायला सांगणारा मालकही आपण पाहिलेला असतो.

तुझ्या संहितेत तो मालक नाही. तुझा नायक पहिल्याच दृश्यात वेडा आहे. त्याआधीचा त्याचा एक दिवस लिही, संवादाशिवाय. शेजाऱ्यांनी दगड मारायचा प्रसंग मात्र काढून टाक. तिथे हसू त्याच्यावर उलटतं. नवा खर्डा झाला की लगेच पाठव.

तुझा,
काका