हॉलच्या सीलिंगमध्ये आत बसणारे लाइट किती आणि कुठे लावावेत? (उत्तर)

तुमचा हॉल 12 बाय 16, मधोमध पंखा, स्लॅब साडेनऊ फुटांवर, आणि पीओपी करून आत बसणारे लाइट किती नि कुठे लावायचे, स्वतः लावता येतील का, असं विचारलंय. तर आधी पंख्याचं बघा. लाइटचं नंतर.

मी इंदूरला लोकमान्य नगरात राहतो, तीन वर्षांपूर्वी आमच्याकडे हेच काम झालं. मिस्त्रीने छताचे सारखे भाग पाडून आठ भोकं मारली, दिसायला एकदम छान, पण दोन लाइट बरोबर पंख्याच्या पात्यांच्या वर आले. रात्री पंखा लावला की फरशीवर, पेपरवर, जेवताना ताटात, सगळीकडे सावली लपलप करायची. आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालं होतं, ती पाच मिनिटं बसली की डोळे मिटून आत निघून जायची, आणि आम्हाला आठवडाभर कळलंच नाही कशामुळे, लाइटच खराब निघाले असं समजून महाराणी रोडला जाऊन बदलूनही आणले. शेवटी ती दोन भोकं बुजवली, पुन्हा पुट्टी, पुन्हा पेंट. आईला झालेला त्रास अजून मनात आहे म्हणून एवढं लिहितोय.

48 इंची पंख्याचं पातं हुकापासून 2 फूट लांब जातं. लाइट हुकापासून निदान 4 फूट तरी लांब हवा. तुमच्या हॉलला मी म्हणेन की पूर्ण छत खाली घेऊच नका, चारी बाजूंनी अडीच फुटांची बॉर्डर करा आणि मधला भाग स्लॅबचाच राहू द्या, उंची पण वाचते आणि पंखा आपल्या जुन्या हुकावरच राहतो (पंख्याचं वजन पीओपीवर किंवा त्याच्या चॅनलवर, म्हणजे पीओपी धरणाऱ्या पत्र्याच्या पट्ट्यांवर, कधीच द्यायचं नाही, कोणी कितीही सांगू दे). लाइट भिंतीपासून दीड फुटावर घ्या, लांब बाजूला तीन-तीन, आखूड बाजूला मधे एक-एक, असे 8. प्रत्येकी 6 वॉट बसायला-बोलायला पुरतात, वाचायच्या जागी एक दिवा वेगळा ठेवा. खोक्यावर वॉट नाही, लुमेन (उजेडाचं माप) वाचा, सारख्या वॉटमध्ये उजेड बराच कमी-जास्त निघतो. आणि आठही एका स्विचवर घेऊ नका, चार-चार करा, रोज आठची गरज पडत नाही. उजेडाचा रंग 3000 (पिवळसर) किंवा 4000 (मधला) केल्विन, 6500 चा पांढरा घरी दुकानासारखा वाटतो, मला तरी नाही आवडत.

भोकं पाडायच्या आधी एक काम नक्की करा. सीलिंगवर पेन्सिलने खुणा करा, रात्री पंखा फुल चालवा, एकाने शिडीवर चढून (पंख्यापासून लांब, सांभाळून) मोबाइलचा टॉर्च खुणेपाशी खाली तोंड करून धरायचा आणि दुसऱ्याने सोफ्यावर बसून बघायचं, सावली हलते का. दहा मिनिटांचं काम आहे. खुणेवर लोहचुंबक पण फिरवून बघा, चिकटला तर आत चॅनल किंवा स्क्रू आहे, भोक थोडं सरकवा, चॅनल कापू देऊ नका.

भोकाचा साइज लाइट हातात आल्यावरच ठरवा, कटआउट खोक्यावर लिहिलेला असतो आणि प्रत्येक कंपनीचा वेगळा असतो. त्याच साइजचे दोन लाइट जास्तीचे घेऊन ठेवा, दोन वर्षांनी ते मॉडेल मिळेलच असं नाही. वरती गच्ची असेल तर बॉर्डरच्या आधी एक पावसाळा स्लॅब गळत नाही ना ते बघा, नाहीतर पाणी थेट वायरिंगवर.

स्वतः लावायचं म्हणाल तर नवी वायरिंग इलेक्ट्रिशियनकडूनच करून घ्या, 1.5 स्क्वेअर एमएमची तांब्याची वायर, पाइपमधून, आणि प्रत्येक भोकातून फूटभर लोंबती ठेवायला सांगा, म्हणजे पुढे लाइट खाली ओढून काम करता येतं. लाइट बसवणं मात्र तुम्ही करू शकता. मेन बंद, टेस्टरने बघा, आधी लाइट ड्रायव्हरला (लाइटला हवा तेवढाच करंट देणारी छोटी डबी) जोडा मग ड्रायव्हर वायरला, ड्रायव्हर वेगळा असेल तर लाइटला थेट 230 व्होल्ट द्यायचे नाहीत, लगेच जातो. जोड नुसत्या टेपने गुंडाळू नका, कनेक्टर लावा. दोन्ही स्प्रिंगा वर दाबून धरून आत सरकवायचं, सुटली तर बोटावर जोरात बसते. बहुतेक वेळा आधी ड्रायव्हर जातो, लाइट नाही, त्यामुळे बंद पडला की पूर्ण फेकू नका, जुन्या ड्रायव्हरवर लिहिलेल्या तेवढ्याच मिलीअँपचा आणि व्होल्टचा ड्रायव्हर आणून बदला.

तुमच्या पंख्याचा रॉड किती इंचाचा आहे ते मोजून इथेच लिहा, रॉड लांब असेल तर लाइट अजून भिंतीकडे सरकवावे लागतील, मी बघून सांगतो.