वाचकांचे प्रश्न : टायर बदलताना, रिम निवडताना

या महिन्यात आलेले बहुतेक प्रश्न टायर आणि रिमबद्दलचे आहेत, म्हणून सगळी जागा त्यांनाच दिली आहे. लांब पत्रं थोडी आटोपशीर केली आहेत.

माझ्या स्विफ्टच्या खालच्या मॉडेलला लोखंडी रिम आणि १६५/८० आर१४ टायर आहेत. चारही संपले. आता १५ इंची अलॉय (मिश्रधातूचे रिम) टाकायचे आहेत. दुकानदार म्हणतो १९५/६५ आर१५ टायर घ्या, ग्रिप वाढेल आणि गाडीही उंच होईल. घेऊ का? – एक वाचक, कराड

रिम १५ इंची घ्या, पण त्यावर टायर १८५/६५ आर१५ घ्या. तुमच्याच स्विफ्टच्या वरच्या मॉडेलला कंपनी हाच टायर देत आली आहे.

यामागचं गणित एकदा हाताने करून बघा, म्हणजे पुढे कोणत्याही गाडीसाठी कोणाला विचारावं लागणार नाही. टायरवरचा पहिला आकडा म्हणजे रुंदी, मिलिमीटरमध्ये. दुसरा आकडा म्हणजे बाजूच्या भिंतीची उंची, रुंदीच्या किती टक्के ते. शेवटचा आकडा रिमचा व्यास, इंचात. तुमच्या जुन्या टायरची भिंत १६५ च्या ८० टक्के, म्हणजे १३२ मिमी. ती वर आणि खाली दोनदा येते, म्हणून २६४. त्यात १४ इंचांचे ३५५.६ मिळवा. चाकाची एकूण उंची झाली ६१९.६ मिमी.

आता १८५/६५ आर१५ : भिंत १२०.२५, दुप्पट २४०.५, अधिक ३८१. बेरीज ६२१.५. फरक दोन मिलिमीटरसुद्धा नाही. दुकानदाराच्या १९५/६५ आर१५ ची उंची येते ६३४.५, म्हणजे जवळपास १५ मिमी जास्त, सुमारे २.४ टक्के.

हे २.४ टक्के कुठे कुठे दिसतात ते बघा. चाक मोठं झालं की एका फेरीत गाडी जास्त अंतर जाते, पण मीटरला ते कळत नाही. त्यामुळे काटा आधी दाखवत होता तेवढाच दाखवेल, गाडी मात्र त्याहून २.४ टक्के जास्त वेगाने पळत असेल. किलोमीटर कमी मोजले जातील आणि हिशोबात मायलेज पडल्यासारखं वाटेल. घाटात चढताना प्रत्येक गिअरमध्ये ओढ थोडी कमी जाणवेल. आणि उंची? वाढलेल्या व्यासाचा निम्माच भाग गाडीखाली येतो, म्हणजे जेमतेम साडेसात मिलिमीटर. तेवढ्यासाठी मागे तीन माणसं बसली असताना मडगार्डच्या आतल्या प्लास्टिकला टायर घासायचा धोका पत्करू नका.

तीन टक्क्यांपर्यंत फरक चालतो, असं दुकानात सर्रास सांगतात. आमच्या मते दीड टक्क्याच्या पुढे जाऊच नये. रुंद टायरच हवा असेल तर १९५/६० आर१५ ची उंची ६१५ मिमी येते, ती बसते. पण छोट्या इंजिनाला रुंद टायर ओढायला पेट्रोल जास्त लागतं. १९५/५५ आर१६ चंही गणित जुळतं, ६२०.९ मिमी. मात्र त्याची भिंत १०७ मिमीवर येते, तुमच्या आताच्या टायरपेक्षा २५ मिमी कमी. खड्ड्याचा दणका रिमपर्यंत पोचू न देणारी रबराची उशी हीच असते. रोज खराब रस्त्यावरून जाणाऱ्याने ती गमावू नये.

मापाच्या पुढे ८८एच असं काहीतरी लिहिलेलं असतं, तेही बघा. ८८ म्हणजे एका टायरला ५६० किलो भार झेपतो, एच म्हणजे ताशी २१० किमीपर्यंतचा वेग. टी असेल तर १९०. मॅन्युअलमध्ये किंवा ड्रायव्हरच्या दाराजवळच्या स्टिकरवर दिलेल्या आकड्याहून भाराचा आकडा कधीही कमी घेऊ नका.

स्टेपनी १४ इंची लोखंडीच राहिली तरी तिची उंची जवळपास तेवढीच असल्याने गरजेला चालेल, वेग ८० च्या आत ठेवा. पण अलॉयबरोबर वेगळे नट आले असतील तर कंपनीचे मूळ चार नट स्टेपनीजवळ पिशवीत ठेवा. पंक्चर झाल्यावर रस्त्यावर हे लक्षात येणं फार महागात पडतं. अलॉय बाहेरून बसवल्याचं विमा कंपनीलाही कळवा, नाहीतर नुकसान झाल्यास अलॉयची भरपाई मिळताना अडचण येते.

कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर होंडा सिटीचे कंपनीचे अलॉय स्वस्तात मिळताहेत. विक्रेता म्हणतो पीसीडी ४ x १०० आहे, स्विफ्टला आरामात बसतील. फक्त पीसीडी बघून घेतलं तर चालेल का? – एक वाचक, कल्याण

चालणार नाही. पीसीडी म्हणजे नटांच्या भोकांच्या मध्यांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास; ४ x १०० म्हणजे चार भोकं, १०० मिमी. ती जुळली म्हणजे चार भोकं गाडीच्या चार स्टडसमोर (नट ज्यांवर आवळतात त्या बोल्टसमोर) आली, एवढंच. त्याखेरीज तीन गोष्टी जुळायला लागतात.

पहिली, मधलं भोक. स्विफ्टच्या हबचा (रिम ज्यावर बसतो त्या भागाचा) मधला उंचवटा ५४.१ मिमीचा आहे, सिटीच्या रिमचं भोक ५६.१. म्हणजे रिम हबवर चढेल, पण सगळीकडून एकेक मिलिमीटर ढिला राहील. नट आवळताना रिम जरा जरी एका बाजूला सरकला तर चाक मधोमध बसत नाही आणि बॅलन्सिंग कितीही वेळा केलं तरी ८०-९० च्या वेगाला स्टिअरिंग थरथरतं. यावर उपाय आहे : बाहेरून ५६.१ आणि आतून ५४.१ मापाची हब रिंग. चार रिंगा घ्या, अ‍ॅल्युमिनियमच्या मिळाल्या तर उत्तम. उलट प्रकार, म्हणजे स्विफ्टचा रिम सिटीला, बसतच नाही. तिथे भोक लेथवर मोठं करून देणारे भेटतात, त्या वाटेला जाऊ नका.

दुसरी गोष्ट नटाची, आणि आम्हाला सर्वांत जास्त काळजी हिचीच वाटते. होंडाच्या मूळ रिममध्ये नट बसण्याची जागा गोलाकार, वाटीसारखी असते. स्विफ्टचे नट शंकूच्या आकाराचे असतात. शंकू वाटीत बसवला की तो सबंध टेकत नाही, एका बारीक कडेवर टेकतो. पाना सांगतो नट घट्ट झाला, पण दोनचारशे किलोमीटरनंतर ती कड दबते आणि नट सैल पडतो. होंडाचे नट वापरावेत म्हटलं तर त्यांचे आटे एम१२ x १.५ (१२ मिमी व्यास, दोन आट्यांत १.५ मिमी अंतर) आणि स्विफ्टच्या स्टडचे एम१२ x १.२५. दोन फेऱ्या हाताने जातात, मग अडकतात. तिथे कोणी हवेच्या गनने रेटलं तर स्टडचे आटे गेलेच म्हणून समजा. गोल बसकणीचे, पण १.२५ आट्यांचे नट वेगळे मागवावे लागतील. ते मिळत नसतील तर हे रिम घेऊ नका, कितीही स्वस्त असले तरी.

तिसरी गोष्ट ऑफसेट. रिमच्या आतल्या बाजूला ईटी अक्षरांपुढे आकडा कोरलेला असतो. रिमच्या रुंदीच्या मध्यरेषेपासून हबला टेकणारी पाठ किती मिलिमीटर बाहेरच्या बाजूला आहे, ते तो सांगतो. एक उदाहरण घ्या. जुना रिम ५.५ इंच रुंद आणि ईटी ४५, नवा ६.५ इंच रुंद आणि ईटी ३८. रुंदी एक इंच वाढली, म्हणजे दोन्ही बाजूंना १२.७ मिमी. ऑफसेट ७ ने कमी झाला, म्हणजे चाक ७ मिमी बाहेर सरकलं. बाहेरची कड झाली १९.७ मिमी बाहेर, आतली कड ५.७ मिमी आत. जवळपास दोन सेंटिमीटर बाहेर आलेलं चाक दिसायला भारदस्त दिसतं, पण बेअरिंगवरचा ताण वाढतो, खड्ड्यात स्टिअरिंग हाताला झटके देतं आणि चिखल थेट दारावर उडतो. ऑफसेट मूळ आकड्याच्या पाचेक मिलिमीटरच्या आत ठेवा.

पीसीडी स्वतः मोजायची असेल तर चार भोकांच्या रिमवर एका भोकाच्या बाहेरच्या कडेपासून समोरासमोरच्या भोकाच्या आतल्या कडेपर्यंत व्हर्निअर लावा. १०० यायला हवेत. ९८ आले तर तो फियाट पुंटो किंवा लिनियाचा रिम असू शकतो. दोन मिलिमीटरचाच फरक असल्याने तो ओढूनताणून बसतोही, पण नट तिरके आवळले जातात. असा रिम उचलूच नका.

जुना रिम घेताना जमिनीवर ठेवून, आतल्या बाजूने उजेड पाडून बघा. रंग नवा आणि आतली कड खडबडीत दिसली तर तिथे वेल्डिंग झालेलं असण्याची शक्यता दाट. वेल्डिंग केलेला अलॉय फुकट मिळाला तरी नको.

बजेट दोनच टायरचं आहे. गाडी पुढच्या चाकांवर चालते, पुढचेच जास्त झिजलेत. नवे पुढेच टाकायचे ना? रोज कुंभार्ली घाट असतो. – एक वाचक, चिपळूण

नवे दोन मागे टाका आणि मागचे, कमी झिजलेले, पुढे आणा. बहुतेक लोक याच्या उलट करतात, म्हणून कारण नीट सांगतो. पावसात वळणावर पुढचे टायर पाण्यावर तरंगले तर गाडी सरळ जाऊ लागते. अ‍ॅक्सिलरेटर सोडला, वेग उतरला की पकड परत येते, आणि हे तुम्हाला स्टिअरिंगमध्ये आधी जाणवतं. मागचे तरंगले तर काही जाणवायच्या आत गाडीचा मागचा भाग बाहेर फेकला जातो. घाटाच्या ओल्या वळणावर तेव्हा सावरायला वेळच उरत नाही.

मात्र आता मागे असलेल्या टायरची नक्षी ३ मिमीपेक्षा कमी उरली असेल तर कोकणच्या पावसासाठी ते पुढेही चालणार नाहीत. खाचांच्या तळाशी रबराचे छोटे आडवे उंचवटे असतात, ते १.६ मिमीचे. नक्षी त्यांच्या पातळीला आली की टायर संपला. तिथवर थांबून पावसाळा काढू नका. एकाच अ‍ॅक्सलवर दोन वेगळ्या नक्षीचे टायरही घालू नका.

गाडी २०१८ ची, पण फक्त १९ हजार किलोमीटर चालली आहे. नक्षी भरपूर आहे. टायर बदलू का? – एक वाचक, ठाणे

टायरच्या भिंतीवर डॉट (DOT) या अक्षरांनंतर लांबलचक कोड असतो, त्याचे शेवटचे चार आकडे वाचा. ३५१८ म्हणजे २०१८ चा पस्तिसावा आठवडा. हे आकडे कधी कधी एकाच बाजूला असतात, गाडीखाली वाकून आतली बाजूही बघावी लागते. इतक्या वर्षांत रबर कडक होतं, नक्षी उरली तरी ओल्या रस्त्यावर ब्रेक लागायला अंतर जास्त लागतं. खाचांच्या मुळाशी आणि भिंतीवर बारीक भेगा दिसल्या तर लगेच बदला. नाही दिसल्या तरी आता बदलायची वेळ आली आहे. स्टेपनीचीही तारीख बघा. आणि नवे घेताना दुकानात हेच चार आकडे वाचून घ्या, वर्षभराहून जुना माल परत करा.

खड्ड्यात आपटून टायरच्या बाजूला लिंबाएवढा फुगा आलाय. पंक्चरवाला म्हणतो आतून पॅच मारून ट्यूब टाकतो. – एक वाचक, नाशिक

करू नका, आणि या टायरवर महामार्गावर जाऊही नका. फुगा आला म्हणजे भिंतीतले धागे तुटले आहेत आणि हवा फक्त वरच्या रबराने अडवून धरली आहे. पॅच धागे जोडत नाही. ट्यूबलेस टायरमध्ये ट्यूब टाकली तर ती आतल्या बाजूला घासते, तापते आणि फुटते. खिळ्याचं भोक नक्षीच्या मधल्या भागात आणि ६ मिमीच्या आत असेल तर दुरुस्ती होते, तीही टायर उतरवून आतून मशरूम पॅच मारून. भिंतीची दुरुस्ती होत नाही. टायर उतरवल्यावर रिम मशीनवर फिरवून बघायला सांगा, फुगा आणणाऱ्या दणक्याने रिमही बऱ्याचदा वाकलेला असतो.

चार नवे टायर, बॅलन्सिंग, अलाइनमेंट सगळं केलं. तरी ९० ला गाडी थरथरते. टायर खराब निघाले का? – एक वाचक, कोल्हापूर

टायरला दोष द्यायच्या आधी थरथर कुठे जाणवते ते बघा. स्टिअरिंगमध्ये असेल तर पुढची चाकं, सीटमध्ये असेल तर मागची. फक्त ब्रेक दाबल्यावर होत असेल तर चाकांचा संबंध नाही, ब्रेक डिस्क तपासा. अलाइनमेंटचाही थरथरीशी संबंध नाही, ते बिघडलं की गाडी एका बाजूला ओढते आणि टायर तिरके झिजतात.

चाकं काढून हबचा पृष्ठभाग बघा. तिथे गंजाचा पापुद्रा असला की रिम सपाट टेकत नाही. तारेच्या ब्रशने घासून काढा. मग बॅलन्सिंग परत करा, पण मशीनसमोर उभं राहून. एका चाकाला ६० ग्रॅमपेक्षा जास्त वजन मागत असेल तर वजनं चिकटवत न बसता टायर रिमवर अर्धा फिरवून पुन्हा मोजायला सांगा. नव्या टायरवर पिवळा ठिपका असतो, ती टायरची सर्वांत हलकी जागा, ती व्हॉल्व्हसमोर यायला हवी. हे न बघता बसवलेल्या टायरला उगाच जास्त वजन लागतं.

चाक परत लावताना नट आधी हाताने पूर्ण फिरवा, मग समोरासमोरच्या क्रमाने थोडे थोडे आवळा. शेवटचा ताण गनने देऊ देऊ नका, टॉर्क पान्याने (किती ताण दिला ते दाखवणाऱ्या) मॅन्युअलमधल्या आकड्यावर द्यायला सांगा. छोट्या गाड्यांना तो साधारण ८५ ते ११० न्यूटन-मीटर असतो. अलॉय नवे असतील तर ५० ते १०० किमी चालवल्यानंतर, चाकं गार असताना, त्याच पान्याने एकदा परत तपासा.