मुक्तस्रोत डेटा-प्रकल्पाला हातभार: वाचकांच्या शंका

मागील अंकात या सदरात ‘सीकॅन’ या मुक्तस्रोत सॉफ्टवेअरची ओळख करून दिली होती. सरकारी खाती, विद्यापीठे आणि स्वयंसेवी संस्था आपले माहितीसंच ज्या संकेतस्थळांवरून सर्वांसाठी खुले करतात, त्यांपैकी अनेक संकेतस्थळे या सॉफ्टवेअरवर चालतात. ब्रिटनमधील ओपन नॉलेज फाउंडेशनने सुरू केलेले हे काम पुढे अमेरिकी सरकारच्या माहितीसूचीपासून संयुक्त राष्ट्रांच्या ‘ह्युमॅनिटेरियन डेटा एक्स्चेंज’पर्यंत पोहोचले आहे. (आपल्या केंद्र सरकारचे २०१२ मध्ये सुरू झालेले खुल्या डेटाचे संकेतस्थळ मात्र ड्रुपल या संकेतस्थळे बांधण्याच्या सॉफ्टवेअरवर आधारलेल्या निराळ्या प्रणालीवर उभारले गेले, हे काही वाचकांनी विचारले म्हणून येथेच नोंदवतो.) त्या लेखानंतर आलेल्या पत्रांतील निवडक प्रश्न पुढे घेतले आहेत.

प्रश्न: मी अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला असून मला पायथन बऱ्यापैकी येते. गिटहब या कोड ठेवण्याच्या संकेतस्थळावरील सीकॅनच्या भांडारात दोष-सूचनांच्या पुष्कळ प्रलंबित नोंदी दिसल्या. त्यांतील काहींखाली ‘हे काम मला द्याल का?’ असे विचारले. पण कोणाचेही उत्तर आले नाही. नवख्यांना तेथे वाव नसतो का?
— एक विद्यार्थिनी, पुणे

उत्तर: वाव असतो, परंतु काम वाटून देणारे कोणी तेथे बसलेले नसते. अशा प्रकल्पात कोड लिहिणाऱ्यांची फारशी वानवा नसते. आलेला कोड वाचून, तपासून, आपल्यात घेऊन पुढे अनेक वर्षे सांभाळण्याची जबाबदारी पत्करणारी माणसे मात्र मोजकी असतात, आणि त्यांचा वेळ हीच प्रकल्पाची खरी टंचाई असते. ‘हे काम मला द्याल का?’ हा प्रश्न कितीही नम्र असला, तरी विचारणाऱ्याला ते जमेल का, तो टिकेल का, त्याला किती समजावून सांगावे लागेल, याचा सगळा हिशेब तो त्याच मोजक्या माणसांच्या गळ्यात घालतो. त्याऐवजी ‘ही अडचण अमुक आवृत्तीवर मी अशा पायऱ्यांनी पुन्हा घडवून पाहिली, कारण अमुक फाइलीत दिसते, दुरुस्ती अशी करावी असे वाटते’ एवढे लिहिलेत, तर परवानगी मागण्याची गरजच उरत नाही.

त्यासाठी सॉफ्टवेअर आधी आपल्या संगणकावर चालते करावे लागते. सीकॅनच्या जोडीला पोस्टग्रेस हा डेटाबेस, सोलर हे शोधयंत्र आणि रेडिस हा तात्पुरत्या माहितीचा साठा अशी तीन कामकरी मंडळी लागतात. डॉकर हे तयार मांडणी चालवणारे साधन वापरल्यास ती एकत्र उभी राहतात. या मांडणीत कुठे अडखळलात, कोणती सूचना जुनी निघाली, कोणती पायरी गृहीत धरून गाळली होती, हे त्याच वेळी टिपून ठेवा. जाणत्या माणसाला हे खड्डे दिसेनासे झालेले असतात, त्यामुळे ते दाखवण्यात नवख्याचाच वरचष्मा असतो. सीकॅनचे दस्तऐवज कोडच्याच भांडारात ‘डॉक’ या फोल्डरमध्ये असतात आणि त्यांतील दुरुस्ती कोडच्या दुरुस्तीच्याच वाटेने जाते. ती पहिली पाठवावी, असे मी सुचवेन.

कोड वाचताना एक गोष्ट ठाऊक नसेल तर दिशाभूल होते. पडद्यावर ज्याला ‘डेटासेट’ म्हटले जाते, त्याला कोडमध्ये जागोजागी ‘पॅकेज’ म्हटलेले आहे, कारण प्रकल्पाची मूळ कल्पना पर्ल भाषेच्या ‘सीपॅन’सारख्या सॉफ्टवेअर-पॅकेजांच्या भांडारांवरून घेतली होती. म्हणून एखादा माहितीसंच दाखवणाऱ्या फंक्शनचे नाव ‘पॅकेज शो’ आणि शोधणाऱ्याचे ‘पॅकेज सर्च’ असे आहे. ही फंक्शने ‘लॉजिक’ फोल्डरमध्ये मिळवणे, निर्माण करणे, बदलणे आणि काढून टाकणे अशा गटांत लावलेली असून कोणाला काय करता येईल हे ठरवणारी परवानगीची फंक्शने त्यांच्या शेजारीच आहेत. ‘पॅकेज शो’ हे एकच फंक्शन घेऊन विनंती आल्यापासून उत्तर जाईपर्यंतचा त्याचा प्रवास वाचून काढा. वेबपान आणि एपीआय (म्हणजे इतर प्रोग्रॅमना माहिती मागण्याची वाट) दोन्ही त्याच फंक्शनवर अवलंबून असल्यामुळे पानावरचा दोष घालवताना एपीआय वापरणाऱ्यांचे काही बिघडत नाही ना, हा प्रश्न आपोआप मनात येऊ लागतो, आणि तपासणारा तुम्हाला नेमका तोच विचारणार असतो.

दुरुस्ती पाठवताना एका वेळी एकच गोष्ट पाठवावी. वाटेत दिसलेल्या रिकाम्या जागा आणि न आवडलेली नावे नीटनेटकी करण्याचा मोह आवरावा, कारण दहा ओळींचा बदल दोनशे ओळींत हरवला की तो वाचायला कोणी धजत नाही. सोबत एक चाचणी हवी: दुरुस्तीआधी नापास होणारी आणि नंतर उत्तीर्ण होणारी. दुरुस्ती ज्या नोंदीसाठी आहे तिचा क्रमांक कमिट-संदेशाच्या (बदलासोबत लिहिलेल्या टिपेच्या) आरंभी चौकटी कंसात घालण्याचा तेथे शिरस्ता आहे. शिवाय ‘चेंजेस’ फोल्डरमध्ये बदलाचे एका-दोन वाक्यांत वर्णन करणारी छोटी फाइल ठेवावी लागते. नवी आवृत्ती निघताना अशा सगळ्या फाइली गोळा करून बदलांची यादी तयार होते. त्यानंतर थांबावे. पंधरवडा उलटूनही काही हालचाल नसेल, तर एका ओळीचे स्मरण देण्यात काही आगाऊपणा नाही.

याला एक अपवाद आहे. सुरक्षेतील भगदाड आढळल्यास ते गिटहबवर जाहीरपणे मुळीच मांडू नये. प्रकल्पाने त्यासाठी दिलेल्या खासगी ईमेल-पत्त्यावरच कळवावे.

प्रश्न: आमची संस्था विहिरींच्या पाणीपातळीच्या आणि पावसाच्या नोंदी ठेवते. त्या खुल्या करण्यासाठी आम्ही सीकॅन बसवले. ‘पाऊस’ असा शोध घेतला, तर ‘तालुक्यातील पावसाच्या नोंदी’ हा आमचाच संच सापडत नाही. शिवाय शीर्षक मराठीत देता येते, पण पत्त्यासाठी रोमन अक्षरेच मागितली जातात. हे दोष कळवावेत का, आणि आमच्याकडील एक प्रोग्रॅमर ते दुरुस्त करू शकेल का?
— एका जलसंधारण संस्थेचे कार्यकर्ते, सोलापूर

उत्तर: पत्त्याची बाब दोष नसून नियम आहे. संचाचे जे नाव वेबपत्त्यात येते, त्यात लहान रोमन अक्षरे, अंक, जोडरेघ आणि अधोरेखा एवढेच चालते. शीर्षकावर तसे बंधन नाही. तेव्हा पत्त्यासाठी तालुका आणि विषय कळेल असे सुटसुटीत रोमन नाव स्वतः विचारपूर्वक द्यावे. इतरांनी दुवे दिल्यानंतर ते बदलणे त्रासाचे होते.

शोधाची बाब मात्र खरोखर मोलाची आहे. सीकॅनचा शोध सोलर करते, आणि सीकॅनसोबत येणाऱ्या मांडणीत शब्दाचे मूळ रूप काढण्याचे नियम इंग्रजीचे आहेत. मराठीत शब्दाला नुसता प्रत्यय लागत नाही, तर त्याआधी शब्दाचे सामान्यरूप होते: पाऊस–पावसाचा, विहीर–विहिरीची, तालुका–तालुक्यात. त्यामुळे शेवटचे ‘च्या’ किंवा ‘त’ कापून भागत नाही; उरलेला ‘पावसा’ पुन्हा ‘पाऊस’शी जुळवावा लागतो. सोलरमध्ये हिंदीसाठी असा छाटणारा भाग आहे, परंतु तो हिंदीचे प्रत्यय ओळखतो, आपले नाही.

आजची गरज भागवायची, तर प्रत्येक संचाच्या वर्णनात ‘पाऊस’, ‘विहीर’, ‘तालुका’ असे मूळ शब्द एकदा तरी येतील असे पाहावे, कारण वर्णनातील मजकूरही शोधात धरला जातो. कायमच्या उपायासाठी तुमच्या प्रोग्रॅमरने सीकॅनच्या गाभ्याला हात घालू नये. संच शोधसूचीत जाण्याआधी आणि शोधाची विनंती सोलरकडे जाण्याआधी, अशा दोन्ही ठिकाणी बाहेरच्या विस्तारकाला (म्हणजे गाभा न बदलता जोडता येणाऱ्या प्रोग्रॅमला) आपले काम करून घेण्याची सोय आहे. पहिल्या ठिकाणी मराठी शब्दांची मूळ रूपे जोडावीत आणि दुसऱ्या ठिकाणी वापरकर्त्याने लिहिलेला शब्द मूळ रूपात आणावा. असा विस्तारक स्वतंत्र भांडारात ठेवता येतो, त्याला कोणाच्या मंजुरीची वाट पाहावी लागत नाही आणि मराठीत संच ठेवणाऱ्या इतर संस्थांनाही तो बसवता येतो. पुढे तो चांगला चालला, तर त्यातील नियम सोलरच्या मुळाशी असलेल्या ल्युसीन या प्रकल्पाकडे नेण्याचा विचार करावा. तेथे ते स्वीकारले गेले, तर फायदा सीकॅनपुरता राहणार नाही.

विस्तारक लिहिताना एका खाचेकडे मुद्दाम लक्ष वेधतो. पायथनच्या अंगभूत ‘आरई’ मॉड्यूलमध्ये ‘शब्दातील अक्षर’ दर्शवणारे जे चिन्ह आहे, ते काना, मात्रा, वेलांटी यांना अक्षर मानत नाही. त्या चिन्हाने ‘विहीर’ शोधायला गेल्यास हाती ‘व’, ‘ह’ आणि ‘र’ असे तीन तुकडे येतात. मजकूर वैध आहे की नाही हे तपासताना प्रोग्रॅमर सर्रास हेच चिन्ह वापरतात, आणि रोमन लिपीत काम करणाऱ्याला त्यातील उणीव जन्मात दिसत नाही. तुम्ही वापरत असलेल्या एखाद्या विस्तारकात असा दोष आढळला, तर तो शब्द, मिळालेला निकाल आणि अपेक्षित निकाल एवढे देऊन अवश्य कळवा.

प्रश्न: मी प्रोग्रॅमर नाही, निवृत्त शिक्षिका आहे. भाषांतराची मदत होईल का?
— एक वाचक, नाशिक

उत्तर: निश्चित होईल. सीकॅनच्या पडद्यावरील मजकुराची भाषांतरे ट्रान्सिफेक्स या संकेतस्थळावर केली जातात. तेथे मूळ वाक्य आणि त्याखाली भाषांतराची मोकळी जागा असते, त्यामुळे कोड उघडण्याचे कारण पडत नाही. मूळ वाक्यात महिरपी कंसात आलेला शब्द जसाच्या तसा राहू द्यावा, कारण त्या जागी सॉफ्टवेअर प्रत्यक्ष आकडा किंवा नाव घालते. मराठी वाक्यात त्याची जागा पुढेमागे केली तरी चालते. एकवचन आणि अनेकवचन यांसाठी दोन निराळ्या जागा दिसतील, तेथे ‘सापडला’ आणि ‘सापडले’ हे वेगवेगळे भरावे. नवी आवृत्ती निघण्यापूर्वी मूळ मजकूर गोठवला जातो. भाषांतर पुरे करण्यासाठी तोच काळ सोयीचा.

प्रश्न: मी एका सॉफ्टवेअर कंपनीत नोकरी करतो. संध्याकाळी घरी बसून अशा प्रकल्पासाठी लिहिलेला कोड माझाच असतो ना?
— एक वाचक, ठाणे

उत्तर: तसे गृहीत धरू नका. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार संगणक प्रोग्रॅम ही ‘साहित्यकृती’ ठरते, आणि नोकरीच्या ओघात निर्माण झालेल्या कृतीचा पहिला मालक, वेगळा करार नसल्यास, कलम १७ प्रमाणे नोकरी देणारा असतो. संध्याकाळचे काम ‘नोकरीच्या ओघात’ मोडते की नाही हा वादाचा मुद्दा होऊ शकतो, आणि अनेक नेमणूकपत्रांतील अटी कायद्यापेक्षाही व्यापक असतात. पत्र नीट वाचा, प्रकल्पाचे नाव घालून लेखी परवानगी घ्या आणि कंपनीचा लॅपटॉप त्या कामासाठी वापरू नका. मालकी नसलेला कोड तुम्ही दिलात, तर अडचणीत प्रकल्पही येतो.

प्रश्न: सीकॅनचा परवाना एजीपीएल आहे. ते वापरले तर आमच्याकडील सगळा डेटा जाहीर करावा लागेल, असे आमच्या विश्वस्तांना वाटते.
— एका संस्थेचे सचिव, रत्नागिरी

उत्तर: तो परवाना सॉफ्टवेअरला लागू होतो, त्यात ठेवलेल्या डेटाला नाही. सीकॅनच्या कोडमध्ये तुम्ही बदल केलेत आणि तो बदललेला कार्यक्रम इंटरनेटवरून लोकांना वापरायला दिलात, तर त्या वापरकर्त्यांना बदललेला कोड मिळण्याची सोय करावी लागते, बंधन एवढेच. एखादा संच संस्थेपुरताच ठेवायचा असल्यास तो खासगी ठेवण्याची सोय सॉफ्टवेअरमध्येच आहे. जो संच खुला कराल त्याला मात्र त्याचा स्वतःचा परवाना द्या. त्यासाठी क्रिएटिव्ह कॉमन्सचा श्रेयनिर्देशाचा परवाना बहुधा पुरेसा होतो. सरकारी खात्याकडून मिळालेली आकडेवारी त्यात मिसळली असेल, तर ती २०१७ च्या सरकारी खुल्या डेटा परवान्याखाली आलेली आहे का, हे आधी पाहून घ्यावे.