अम्मांना देविकाच का दिसते?

‘आई सारा दिवस जुन्या आठवणींत असते, हे नैराश्य तर नसेल?’ हा प्रश्न मुलामुलींकडून मी इतक्या वेळा ऐकला आहे, की त्याचे उत्तर एका अनुभवातून द्यावेसे वाटते.

माटुंग्यातील एक तमिळ लेक आपल्या सत्तरी ओलांडलेल्या आईला घेऊन आली. वडील गेल्यापासून अम्मा तमिळ लेखिका रमणिचंद्रन यांच्या प्रेमकादंबऱ्या पुन्हा पुन्हा वाचत आणि प्रत्येक नायिका आपल्याला जुन्या तमिळ चित्रपटांतील अभिनेत्री देविकासारखीच दिसते, असे सांगत. त्यांची झोप, भूक, शेजारी जाणे-येणे सारे नीट होते. ते बिघडले असते, तर मी त्यांना मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवले असते. घरच्यांनीही आधी हेच पाहावे.

‘‘सावित्री, पद्मिनी, सरोजादेवी असताना देविकाच का?’’ मी विचारले.

‘‘सावित्री रडवायची. देविकाने नवऱ्याला प्रश्न विचारला.’’

दिग्दर्शक श्रीधर यांच्या 1962 च्या ‘नेंजिल ओर आलयम’ या तमिळ चित्रपटात, ज्यावरून पुढे हिंदीत ‘दिल एक मंदिर’ आला, आजारी नवरा पत्नीला, म्हणजे देविकाला, सांगतो, ‘मी वाचलो नाही तर डॉक्टरशी लग्न कर.’ ती गाण्यातून, गायिका पी. सुशीलांच्या आवाजात, त्याला विचारते, की हे बोललास तो तूच का. अम्मांनी तो चित्रपट लहानपणी कुंभकोणमला पाहिला होता.

‘‘तुम्ही असे कधी कोणाला विचारलेत?’’

अम्मा बराच वेळ पदराशी चाळा करत राहिल्या. ‘‘यांना कधीच नाही,’’ त्या म्हणाल्या, आणि त्यांची नजर बाहेर बसलेल्या लेकीच्या दिशेने, दाराकडे गेली.

पाच भेटींत मला जे दिसले नव्हते, ते त्या नजरेने दाखवले. कादंबरीत नायिकेचे डोळे आणि गजरा लिहिलेला असतो, पण चेहरा वाचणारीलाच द्यावा लागतो. जे बोलणे स्वतःच्या ओठांवर अडले आहे, ते बोलून दाखवणारीचा चेहरा ती निवडते, असे माझे अनुभवांती बनलेले ठाम मत आहे. म्हणून पुस्तके काढून घेऊ नयेत आणि ‘आता पुरे’ असेही म्हणू नये. कोणती नायिका, कोणता प्रसंग, ती नेमके काय म्हणते, हे विचारावे, आणि उत्तर ऐकताना मध्येच समजूत घालू नये. समजूत घातली की माणूस बोलायचे थांबतो.

पुढच्या भेटीत मी दोघींना एकत्र बसवले. अम्मा लेकीकडे पाहत म्हणाल्या, ‘‘माटुंग्याचे घर विकून मला ठाण्याला न्यायचे, हे तू ठरवलेस का?’’

लेक म्हणाली, ‘‘हो अम्मा. तुला विचारले नाही.’’